हिलीवूडमध्ये नवी नटी: कॅमेऱ्याआधी कागद

रवांडाच्या सिनेमाचं, म्हणजेच हिलीवूडचं, नाव बाहेर होतं ते महोत्सवांमुळे. 2019 साली जोएल कारेकेझी यांच्या ‘द मर्सी ऑफ द जंगल’ला फेस्पाको या बुर्किना फासोतल्या आफ्रिकी चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. पण असे सिनेमे वर्षाकाठी मोजकेच होतात. राजधानी किगालीत नव्या मुलीची चूल पेटते ती किन्यारवांडा या इथल्या भाषेतल्या यूट्यूब मालिकांवर, आणि फसगतही तिथेच होते.

फसगत अशी. काम दिवसाच्या बोलीवर ठरतं, आणि प्रसंगांची जुळणी नीट असेल तर एका दिवसात पंधरा-पंधरा मिनिटांच्या तीन-चार भागांचं चित्रण उरकतं. म्हणजे हातात एका दिवसाची मजुरी आणि चॅनेलकडे महिन्याचा माल. भाग वर्षानुवर्षं चालतात, जाहिरातीचा पैसा चॅनेलमालकाला मिळत राहतो. उद्या तीच मालिका एखाद्या टीव्ही वाहिनीला विकली तरी तुम्हाला दमडी नाही, कारण कागदावर काही लिहिलेलंच नसतं. ही शक्यता हवेतली नाही: कॅनल प्लस समूहाची झाकू टीव्ही ही वाहिनी किन्यारवांडा मालिकांवरच चालते.

म्हणून मोबदला भागावर ठरवा. दिवसावरच ठरत असेल, तर त्या दिवसात जास्तीत जास्त किती भाग, हा आकडा लिहून घ्या. कोणतं चॅनेल, किती वर्षं, टीव्हीला विकल्यास वेगळे किती, जाहिरातीत चेहरा वापरल्यास वेगळे किती, हेही लिहा. निम्मी रक्कम चित्रणाआधी मोबाइल मनीवर घ्या आणि तो संदेश जपून ठेवा. ‘इतर चॅनेलवर दिसायचं नाही’ या कलमापुढे मुदत नसेल तर सही करू नका. मालिका सोडायची झाल्यास किती दिवस आधी कळवायचं तेही हवं, नाहीतर नायिका निघून गेली म्हणून नुकसान तुमच्याच माथी. प्रत्येक पानावर दोघांची सही आणि एक प्रत तुमच्याकडे. ‘आपण घरचेच, कागद कशाला’ म्हणणाऱ्याकडे तर कागद हवाच हवा.

घाबरून जाऊ नका. व्यवस्थित विचारलं की बरेच निर्माते लिहून देतात. त्यांनाही मधेच पळणारी नटी नकोच असते.

आवाजाकडे मात्र सगळ्यांचं दुर्लक्ष होतं. नंतर डबिंग करायला पैसे नसतात, सेटवर मिळेल तोच आवाज राहतो. नवं कोरं कितेंगे, म्हणजे छापील सुती कापड, मायक्रोफोनवर करकरतं, आधी दोनदा धुऊन घ्या. उमुशानाना या बायकांच्या पारंपरिक पोशाखाचा खांद्यावरचा पदर माइकवर घासतो. माइक दुसऱ्या बाजूला, आतून चिकटपट्टीने लावायला सांगा. मार्च ते मे पावसाचे महिने. पत्र्याखालचा संवादप्रसंग पत्र्यावर सर वाजायला लागली की संपलाच. महिन्याचा शेवटचा शनिवार सकाळी उमुगांडाचा, म्हणजे सामूहिक श्रमदानाचा. तेव्हा चित्रणाची तारीख देऊ नका. 7 एप्रिलपासूनच्या, 1994च्या नरसंहाराच्या स्मरण सप्ताहात मनोरंजनाचे कार्यक्रम थांबतात, तेव्हा त्या आठवड्यातल्या कमाईवर घरभाड्याचा हिशेब मांडू नका.

परदेशी निर्मितीसाठी ऑडिशनची चित्रफीत लागते. फोन आडवा, डोळ्यांच्या उंचीवर, चौकट छातीपासून वर, मागे साधी भिंत. समोरचे संवाद वाचणारी व्यक्ती लेन्सच्या अगदी शेजारी उभी करा. सुरुवातीला नाव, उंची, शहर, येणाऱ्या भाषा. फ्रेंच किंवा इंग्रजी कच्ची असेल तर तसं सांगा. सेटवर उघडं पडलं तर पुढचं बोलावणं येत नाही.

ऑडिशन हॉटेलच्या खोलीत असेल तर जाऊ नका. यात तडजोड नाही.

आठवड्याच्या कार्यशाळेत प्रमाणपत्र वाटणाऱ्या गुरूंवर पैसे घालवण्यापेक्षा होप अझेदा यांच्या माशिरिकासारख्या नाट्यसंस्थेत तालमी कराव्यात, असं माझं ठाम मत. इन्स्टाग्रामवरचे फॉलोअर पाहून भूमिका देतात हे खरं, पण एका दमात चार भागांचे संवाद पेलायची ताकद तालमीतच येते. दिग्दर्शन किंवा संकलनही शिकायचं असेल तर एरिक काबेरा यांची क्वेतू फिल्म इन्स्टिट्यूट किगालीतच आहे. संकलन येणाऱ्या नटीला निदान एवढं तरी कळतं, की आज दिवसभरात नेमके किती भाग निघाले.