तीन अंकी लग्ननाटक थेट टीव्हीसाठी बसवताना

दृश्य टिपणारी पहिली व्यावसायिक व्हिडिओटेप 1956 साली आली. तोवर टीव्हीवरची नाटकं बहुतेक थेटच जात. तशा पद्धतीने प्रयोग करायचा असेल तर संहितेला कात्री लावण्याआधी स्टुडिओचा आराखडा काढा.

सेट तीनच. बैठक, नायिकेची खोली आणि एखादा बाक किंवा जिना असलेला कोपरा. ते भिंतींना लावून कॅमेरे मध्ये ठेवा आणि प्रत्येकाची फिरण्याची वाट जमिनीवर खडूने आखा. केबल एकमेकींवरून गेल्या की ऐन भांडणाच्या प्रवेशात कॅमेरा अडकतो.

अडीच तासांचं नाटक 50 मिनिटांत आणताना आधी पाहुण्यांची ये-जा आणि नोकरांचे विनोद उडवा. 12 पात्रांची 6 होतात. लग्नाची गर्दी दाराबाहेरच्या आवाजांवर भागते. छोट्या पडद्यावर तिची नुसती मुंग्यांची रांग दिसते. कबुली आणि भांडण मात्र शाबूत ठेवा. तिथे काटायचं ते वाक्यांतून, कारण रंगमंचावर तीन वाक्यं खाणारा संशय क्लोज-अपमध्ये एका नजरेत कळतो.

नाटकातले नट एकमेकांपासून सहा फुटांवर उभे राहतात. जुन्या टीव्हीच्या 4:3 (रुंदी चार, उंची तीन) चौकटीत ते दोन कडांना चिकटतात आणि मध्ये भिंत दिसते. दीड-दोन फुटांवर आणा. अवघडल्यासारखं वाटेल, पण पडद्यावर तेच बरोबर दिसतं. हशासाठी थांबायची सवयही मोडा. प्रेक्षक नसतील तर तो थांबा विसरलेल्या वाक्यासारखा वाटतो.

सगळ्यात जास्त घोळ प्रवेशांच्या सांध्यावर होतो. पुढचा प्रवेश जिने सुरू करायचा, तिला आधीच्या प्रवेशाचं शेवटचं वाक्य देऊ नका. ती गेल्यावर समोरच्या नटाच्या चेहऱ्यावर किंवा पत्रावर कॅमेरा 30 सेकंद ठेवा, म्हणजे तिला पुढच्या सेटवर पोचता येतं. कपडे बदलायचे असतील तर इतक्यात भागत नाही, तिथे एक छोटा प्रवेशच घाला. रंगीत तालमीत हे अंतर पूर्ण पोशाखात, हातात घड्याळ घेऊन चालून पाहा.

लग्नाचा पोशाख पांढराशुभ्र नको. जुन्या कॅमेऱ्यांत पांढरं फुलून पसरतं आणि चेहरा काळवंडतो. फिकट पिवळा किंवा राखाडी कपडा कृष्णधवल चित्रात पांढराच दिसतो.

शेवटून दुसऱ्या प्रवेशात दीड मिनिटाचे संवाद 'गाळता येतील' अशी खूण करून ठेवा आणि त्या प्रवेशातल्या दोघांनाही दोन्ही जोड, म्हणजे ते संवाद धरून आणि गाळून, पाठ करायला लावा. वेळ उरली तर म्हणायचे, सरली तर फ्लोअर मॅनेजरच्या (स्टुडिओत नटांना खुणा करणाऱ्याच्या) इशाऱ्यावर थेट पुढे.