लँटर्नफ्लायचा बंदोबस्त: चप्पल ठेवा बाजूला, आधी ते झाड शोधा

दरवर्षी ऑगस्ट संपत आला की आमच्या ग्रुपवर तेच ते फोटो सुरू होतात. डेकच्या कठड्यावर बसलेला करडा ठिपकेवाला किडा आणि खाली प्रश्न, हे फुलपाखरू कुठलं हो, किती सुंदर आहे. मग कोणीतरी म्हणतं मारा मारा, दुसरं कोणी डिश सोप आणि व्हिनेगरची रेसिपी टाकतं, तिसरा सांगतो झाडाला चिकटपट्टी गुंडाळा, आणि दोन दिवसांनी सगळे विसरतात. पेनसिल्व्हेनियात आमच्या बॅकयार्डमध्ये या किड्याशी मी सहा उन्हाळे झटापट केलीय, त्यातले पहिले दोन शुद्ध मूर्खपणात गेले, तेव्हा एकदाच नीट लिहून टाकते.

हा स्पॉटेड लँटर्नफ्लाय, फुलपाखरू नाही आणि पतंगही नाही. हा तुडतुडा आहे. भातावर येतात, आंब्याच्या मोहरावर येतात त्याच गोतावळ्यातला, फक्त अंगाने दांडगा, चांगला इंचभर लांब. सोंड खुपसून झाडाचा रस पितो आणि जास्तीचं गोड पाणी मागून सोडतो, म्हणजे आपला चिकटाच की. त्या चिकट्यावर काळी बुरशी धरते, मग खालची पानं, डेक, खुर्च्या, गाडीचं हूड सगळं काळं होतं, आणि त्या गोडव्यावर गांधीलमाश्या येतात. किडा स्वतः चावत नाही, डंखही मारत नाही, पोरांना उगाच घाबरवू नका, गांधीलमाश्यांना मात्र घाबरा. मूळचा चीनचा, इथे २०१४ मध्ये पेनसिल्व्हेनियातल्या बर्क्स काउंटीत पहिल्यांदा सापडला आणि तिथून न्यू जर्सी, न्यूयॉर्क, डेलावेअर, मेरीलँड करत पसरत गेला, तो पंखांच्या जोरावर कमी आणि आपल्या गाड्या, ट्रक, लाकडं, फर्निचर यांना चिकटलेल्या अंड्यांमधून जास्त.

ओळख

मे-जूनमध्ये दिसतात ती पिल्लं, काळी आणि पांढऱ्या ठिपक्यांची, सुरुवातीला इतकी बारकी की लोकांना गोचीड वाटते. जुलैच्या आसपास तीच लाल होतात, ठिपके तसेच. जुलैअखेरपासून पंखवाले मोठे दिसायला लागतात, वरचे पंख करडे आणि काळ्या ठिपक्यांचे, टोकाला विटांच्या भिंतीसारखी बारीक नक्षी, आणि उडताना खालचे लालभडक पंख दिसतात. पोट पिवळं, त्यावर काळे पट्टे. सप्टेंबरपासून अंडी घालतात आणि कडक थंडी पडली की मोठे सगळे मरतात, अंडी मात्र हिवाळा काढतात. वर्षाला एकच पिढी. हे वेळापत्रक लक्षात ठेवा कारण कुठला उपाय कधी करायचा ते त्यावरच ठरतं.

काय करू नका

डिश सोप, व्हिनेगर, मीठ, ब्लीच यांचे घरगुती फवारे नकोत. व्हिनेगरने किडा मरो न मरो, गुलाब नक्की जळतो. शिवाय इथे कीटकनाशकाच्या बाबतीत लेबल हाच कायदा असतो, जे त्या कामासाठी रजिस्टर्डच नाही ते झाडांवर मारणं बेकायदा ठरू शकतं.

नुसती उघडी चिकटपट्टी पण नको. पहिल्या वर्षी मी मेपलला गुंडाळली होती आणि तिसऱ्या दिवशी सकाळी त्यावर एक छोटा पक्षी पंख पसरून चिकटलेला, जिवंत. त्याला सोडवताना माझी जी अवस्था झाली ती कुणाची होऊ नये. लावायचीच असेल तर वरून जाळी हवी, पण मी म्हणते लावूच नका, सर्कल ट्रॅप लावा. हा म्हणजे बुंध्याला गुंडाळायचा जाळीचा घागरा, खोडावरून वर चढणारे किडे त्यातून नरसाळ्यात आणि तिथून वरच्या पिशवीत जातात. गोंद नाही, पक्षी मरत नाही. पेन स्टेट एक्स्टेन्शनने (पेन स्टेट विद्यापीठाची शेती-सल्ला शाखा) घरी कसा बनवायचा ते आकृत्यांसकट दिलंय, नाहीतर विकत मिळतो. एप्रिल-मेमध्येच लावा, जाळी आणि सालीच्या मधल्या फटी चिंध्या कोंबून बुजवा (नाहीतर सगळे खालून निघून जातात) आणि दोन आठवड्यांनी पिशवी रिकामी करा, जास्त दिवस ठेवलीत तर जो वास सुटतो त्याबद्दल न लिहिलेलंच बरं.

एकदोन किडे असतील तर पाण्याची रिकामी बाटली घ्या, समोरून तोंडावर धरा, तो पुढेच उडी मारतो आणि आपणहून बाटलीत जातो. आमच्या मुलाने एका दुपारी दोन बाटल्या भरल्या.

आता ते झाड

हे सगळं करूनही आमच्याकडे किडे कमी होईनात. मी डेकवर फवारे मारतेय, नवरा चप्पल घेऊन धावतोय, आणि शेडच्या मागे किड्यांची अख्खी जत्रा भरलेली. आग रामेश्वरी आणि बंब सोमेश्वरी, दुसरं काय. तिथे एक झाड होतं जे आम्ही कधी लावलंच नव्हतं, आणि ते निघालं ट्री ऑफ हेवन. आपल्याकडच्या महारुखाचा भाऊबंद. चीनमधून हे झाड शोभेसाठी १७८४ मध्ये फिलाडेल्फियात आणलं गेलं, म्हणजे किड्याच्या २३० वर्षं आधी, त्यामुळे किडा इथे पोचला तेव्हा त्याचं आवडतं गावाकडचं जेवण हायवेच्या कडेपासून रेल्वेलाइनपर्यंत आधीच वाढून ठेवलेलं होतं.

ओळखायचं असं. लांबलचक पान, त्यावर दोन्ही बाजूंना पुष्कळ पानोळ्या. पानोळीची कड साधी, दाते नाहीत, फक्त देठाकडे एकदोन छोटे उंचवटे असतात. पान चुरगाळून वास घ्या, खवट झालेल्या दाण्याच्या कुटाचा वास आला तर तेच. जुन्या बुंध्याची साल खरबुजासारखी दिसते. हे नीट बघाच, कारण स्टॅगहॉर्न सुमॅक आणि ब्लॅक वॉलनट (अक्रोडाचा प्रकार) लांबून सेम दिसतात, पण त्या दोघांच्या पानोळ्यांना दातेरी कड असते. शेजाऱ्याचा अक्रोड मारून बसलात तर किडे परवडले म्हणाल.

आता माझी चूक सांगते. झाड सापडलं, मे महिना होता, आम्ही करवत भाड्याने आणली आणि शनिवारी दुपारी झाड जमिनीसरशी कापलं. फोटोबिटो काढले. जुलै येईपर्यंत लॉनमध्ये, गुलाबांच्या वाफ्यात, ड्राइव्हवेच्या फटीत, शेडच्या पायरीखालून असे चाळीसेक फुटवे वर आलेले, काही तर मूळ झाडापासून ३० फुटांवर. तेव्हा वाचलं की याची मुळं ५० फुटांपर्यंत फुटवे काढतात. या झाडाचं डोकं उडवलं की खाली मुळं खवळतात, साठवलेलं सगळं अन्न नव्या फुटव्यांत ओततात. म्हणजे एका झाडाची आम्ही स्वतःच्या हाताने, भाड्याच्या करवतीने, नर्सरी केली.

पुढच्या वर्षी दुसरी चूक. शेडच्या पलीकडे कुंपणाला अजून एक मोठं होतं. यावेळी मी शहाणी, कापलं आणि लगेच खुंटावर तणनाशक ओतलं. खुंट मेला. मुळं नाही मेली. परत तोच तमाशा. कापलेल्या खुंटावर औषध लावा हा सल्ला अजून सगळीकडे फिरतोय आणि तो या झाडासाठी अर्धवट आहे, कारण औषध खुंटापाशीच राहतं, दूरच्या मुळांपर्यंत पोचत नाही.

औषध मुळांत न्यायचं काम झाडाकडूनच करून घ्यायचं असतं, आणि त्यासाठी झाड जिवंत, उभं, हिरवं हवं. वेळ जुलैपासून पानं रंग बदलायला लागेपर्यंत, बस. या काळात पानात तयार झालेली साखर झाड खाली मुळांकडे पाठवत असतं आणि औषध तिच्या सोबत जातं. वसंतात उलटा कारभार, सगळा ओघ वर, तेव्हा मारलेलं औषध फुकट.

पद्धत अशी. छोटी कुऱ्हाड घ्या, कमरेच्या उंचीवर खोडाला खालच्या दिशेने तिरका घाव घाला, साल फोडून जरासा लाकडात जाईल इतपत, म्हणजे घावाचा छोटा खिसा तयार होतो. त्या खिशात स्प्रे बाटलीने लगेच, म्हणजे खरंच लगेच, औषध सोडा, बाहेर ओघळेल इतकं नाही. मग पुढचा घाव. असं करत खोडाभोवती फिरायचं, पण घाव एकमेकांना जोडू नका. दोन घावांच्या मध्ये इंच-दीड इंच अख्खी साल राहिलीच पाहिजे. इथे सगळे घोळ घालतात, जोरात येऊन गोल कडंच काढतात, आणि मग खाली जायचा रस्ताच तुटतो, वरचं झाड मरतं आणि मुळं परत खवळतात. त्या मधल्या सालीतूनच औषध खाली उतरतं, ती साल म्हणजे तुमचा पाइप आहे, तो तोडू नका.

औषध ट्रायक्लोपायर किंवा ग्लायफोसेट असलेलं, आणि घावात घालायची पद्धत लेबलवर दिलेली हवी. किती पातळ करायचं ते लेबलवर असतं तेवढंच, अंदाजपंचे नको. हातमोजे आणि चष्मा घाला, या झाडाच्या रसाने काहींच्या कातडीला त्रास होतो. पाऊस येणार असेल त्या दिवशी नको. जवळून ओढा जात असेल तर पाण्याजवळ चालणारं वेगळं औषध लागतं. आणि झाड कुंपणापलीकडचं असेल तर आधी शेजाऱ्याशी बोला.

नंतरचं काम सगळ्यात अवघड, म्हणजे काहीही न करणं. पानं पिवळी पडायला लागतात, झाड भिकार दिसतं, घरातले म्हणतात आता तरी काप, तरी किमान ३० दिवस हात लावायचा नाही. मग कापा. फार उशीर पण करू नका, मेलेलं लाकूड ठिसूळ होऊन फांद्या पडतात, आणि घरावर किंवा वायरींवर झुकलेलं झाड असेल तर तो सोस स्वतः करू नका, लायसन्सवाला माणूस बोलवा. पुढच्या उन्हाळ्यात फुटवे येतीलच, थोडे. त्यांच्या पानांवर परत जुलैनंतरच फवारा. बी पडून आलेली छोटी रोपं ओल्या मातीत मुळासकट उपटून येतात. मादी झाड वर्षाला तीनेक लाख बिया टाकू शकतं, त्यामुळे काढायचं झाल्यास आधी मादी झाडं काढा. आम्हाला दोन झाडांचा निकाल लावायला एकूण तीन उन्हाळे लागले, पैकी एकात खरं काम झालं.

झाड गेलं म्हणजे किडा शून्य होतो असं नाही. त्याला द्राक्षवेल, ब्लॅक वॉलनट, मेपल, विलोपण चालतात. पण आमच्याकडे शेडमागची जत्रा उठली, डेक धुवायचं काम दर आठवड्याऐवजी सीझनला एकदोनदा आलं.

फवारणी

माझ्या मते मोठ्या मेपलवर फवारायची गरज नाही, या किड्यामुळे मोठी तब्येतवान झाडं सहसा मरत नाहीत, दिसतं भयंकर एवढंच. द्राक्षवेलीची गोष्ट वेगळी, ती खरोखर मरते, तिला वाचवा. इन्सेक्टिसायडल सोप किंवा पायरेथ्रिनवालं, खाण्याच्या पिकावर चालतं असं लेबलवर असलेलंच, थेट किड्यावर. मुळांतून चढणारी सिस्टिमिक औषधं फुलोऱ्यात देऊ नका, मधमाश्या मरतात, आणि ती मी स्वतः कधी वापरलेली नाहीत.

अंडी

इंचभर करडा लेप, ओली माती थापून वाळल्यासारखा, नंतर भेगा पडतात. आत ३० ते ५० अंडी. जुनं प्लास्टिकचं कार्ड घ्या, खरवडून झिप बॅगमध्ये, त्यात रबिंग अल्कोहोल किंवा हँड सॅनिटायझर. नुसती जमिनीवर पाडलीत तरी त्यातली काही उबतात. सप्टेंबर ते मे कधीही करा, मात्र यावरच विसंबू नका, झाडावरची बरीच अंडी आपला हात पोचत नाही इतक्या उंच असतात. हाताशी येतात ती गाडीखाली, ग्रिलच्या कव्हरवर, सरपणावर, दगडांच्या खालच्या बाजूला.

गाडी काढताना बघायची सवय लावा, आपला भाग क्वारंटाइनमध्ये (किडा पसरू नये म्हणून सामानाच्या ने-आणीवर बंधनं असलेला भाग) असेल तर हा नियमच आहे, घरगुती लोकांसाठी राज्याच्या कृषी खात्याची चेकलिस्ट मिळते. आमच्यासारख्या जुन्या काउंटीत किडा दिसला म्हणून फोन करत बसू नका, पण जिथे तो अजून नाही अशा गावी दिसला तर फोटो काढा, पकडा आणि तिथल्या कृषी खात्याला कळवा.

आणि एक खास आपल्या लोकांसाठी. गणपती येतात नेमके अंडी घालायच्या दिवसांत. फोल्डिंग खुर्च्या आणि टेबलं चार-पाच दिवस बाहेर डेकवर पडलेली असतात, मग ती कोणाच्या तरी व्हॅनमधून दुसऱ्या स्टेटमधल्या दिवाळीच्या कार्यक्रमाला जातात. एका वर्षी आमच्या १२ खुर्च्यांपैकी ३ खुर्च्यांच्या खाली लेप सापडले होते. तेव्हा व्हॅनमध्ये भरायच्या आधी प्रत्येक खुर्ची उलटी करून सीटची खालची बाजू बघा, टेबलाचे पाय दुमडतात त्या सांध्यातपण.