वाँग का-कुई यांची गाणी कोल्हापुरात कशी ऐकवावीत

अल्लादियाखाँसाहेबांच्या गायकीवर कान घडलेल्या कोल्हापूरच्या श्रोत्यांसमोर हाँगकाँगच्या रॉकगायकाचे श्रवणसत्र ठेवायचे असेल, तर चरित्र थोडक्यात आटोपावे: वाँग का-कुई यांचा जन्म १९६२ चा, ‘बियाँड’ या त्यांच्या बँडची स्थापना १९८३ ची. आरंभ नेल्सन मंडेलांना उद्देशून रचलेल्या १९९० च्या गीताने करावा आणि मग केनियाभेटीनंतरचे, स्वाहिली शब्द असलेले ‘अमानी’ लावावे.

प्रत्येक गीत दोनदा ऐकवावे, पहिल्यांदा अर्थ न सांगता. या गीतांच्या कॅन्टोनीज या चिनी बोलीत उच्चाराची सुरपातळी बदलली की शब्दाचा अर्थच बदलतो, त्यामुळे गीतकाराला चालीच्या चढउतारांना जुळणारे शब्द शोधावे लागतात. एखादी ओळ थांबवून तेवढेच सूर पेटीवर वाजवून दाखवले, की आपल्या जाणकारांना हे चटकन पटते. पट्टी मात्र आदल्या दिवशीच शोधून ठेवावी, ऐनवेळी चाचपडणे बरे दिसत नाही.

शेवटी अथांग समुद्र आणि मोकळ्या आकाशाचे १९९३ चे गीत ठेवावे. त्याच वर्षी जूनमध्ये टोकियोत दूरचित्रवाणीच्या चित्रीकरणावेळी मंचावरून पडल्याने वयाच्या ३१व्या वर्षी त्यांचे निधन झाले, ही हकिकत गीतानंतरच सांगावी. २०१४ च्या लोकशाहीसाठीच्या आंदोलनात हाँगकाँगकरांनी हेच गीत रस्त्यावर गायले, हेही त्यासोबत सांगावे.