आजीच्या आठवणी रेकॉर्ड करताना: पाहिलेलं आणि ऐकलेलं

मुंबईच्या गोदीत जहाजाचा स्फोट झाला १४ एप्रिल १९४४ रोजी. आज पंच्याऐंशीच्या आसपास असलेली आजी तेव्हा तीन-चार वर्षांची. तरीही त्या जहाजातली सोन्याची वीट उडून कुणाच्या घराचं छप्पर फोडून पडल्याचं ती डोळ्यांनी पाहिल्यासारखं सांगते. ती खोटं बोलत नसते. घरात वर्षानुवर्षं ऐकलेली गोष्ट तिच्या आठवणीत मुरलेली असते. पाहिलेलं आणि ऐकलेलं दोन्ही मोलाचं आहे, पण दोन्ही एकात मिसळलं तर पुढच्या पिढीला काहीच उलगडत नाही. म्हणून मोठी घटना आली की विचारा, ‘आजी, हे तू पाहिलंस की तुला कुणी सांगितलं?’ ऐकलेलं असेल तर कुणी सांगितलं, कधी, काय करताना. गोष्ट घरात कुठल्या वाटेने आली, हे या उत्तरातूनच कळतं.

वेळ घरच्या रोजच्या क्रमाकडे बघून ठरवा. सकाळी पाणी, कुकर आणि मिक्सर, दुपारी झोप, संध्याकाळी मालिका. बहुतेक घरांत साडेदहा ते बारा हा वेळ जमतो. पंखा बंद केला तर मुंबईच्या उकाड्यात माणूस अर्ध्या तासात थकतो. तो हळू ठेवा, पण आजीला त्याच्या थेट खाली बसवू नका, कारण माईकवर आदळलेला वारा नंतर काढता येत नाही. मोबाइल स्टीलच्या टेबलावर नुसता ठेवला तर प्रत्येक धक्का रेकॉर्ड होतो, त्याखाली टॉवेलची घडी घाला. कॉलर माईक असेल तर हनुवटीखाली साधारण वीतभर अंतरावर, पदर आणि मंगळसूत्र घासणार नाही अशा बाजूला लावा. एरोप्लेन मोड चालू करा, नाहीतर मधेच फोन येऊन रेकॉर्डिंग तुटतं. ॲपमध्ये वेव्ह (WAV) फॉरमॅट असेल तर तो निवडा. ४४.१ किलोहर्ट्‌झ, १६ बिट, मोनो ठेवलं तर तासाला सुमारे ३०० एमबी जागा लागते. आधी मिनिटभर रेकॉर्ड करून हेडफोनवर ऐका.

सुरुवातीला तारीख, जागा, बोलणाऱ्याचं आणि विचारणाऱ्याचं नाव मोठ्याने सांगा. एका बैठकीला तासभर पुरे.

‘तुमच्या काळी कसं होतं?’ असं विचारलंत तर ‘फार चांगले दिवस होते’ एवढंच हाती येतं. त्यापेक्षा कागद-पेन्सिल द्या आणि चाळीतली खोली काढायला सांगा. मोरी कुठे, चूल कुठे, फळी कुठे, रात्री कोण कुठे झोपायचं, गॅलरीत कोण. दहा बाय बाराच्या खोलीत गावाहून आलेले चुलते, पाळीवरून परतणारे भाडोत्री आणि बाळंतीण कशी मावली, हे नकाशा काढताना आपोआप निघतं. जुनं रेशनकार्ड, गिरणीचा पास, लग्नाचा फोटोही हाताशी ठेवा.

आजोबा गिरणीत असतील तर खातं, बदली, जॉबर, साचा असे शब्द येतील. त्यांचा अर्थ तिथल्या तिथे विचारून घ्या. नंतर सांगायला कुणी नसतं. मुंबईतल्या कापड गिरण्यांचा संप १८ जानेवारी १९८२ ला सुरू झाला, पण तो रीतसर मागे घेतलाच गेला नाही. त्यामुळे ‘संप कधी मिटला?’ याचं उत्तर घराघरांत वेगळं मिळेल. त्याऐवजी विचारा, वाण्याने उधारी कधी बंद केली, घरातला पहिला दागिना कधी गहाण पडला, कामाला आधी कोण बाहेर पडलं.

साल आठवत नसेल तर ताण देऊ नका, खुणा द्या: महाराष्ट्र राज्य झालं ते १ मे १९६०, मुंबईतली शेवटची ट्राम ३१ मार्च १९६४, कोयनेचा भूकंप ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे, २६ जुलै २००५ चा पाऊस. ‘ट्राम बंद झाली तेव्हा थोरला शाळेत जायचा का?’ असं विचारलं की साल जवळ येतं. चुकलं तरी बोलताना दुरुस्त करू नका. वहीत नोंद करा, माणूस एकदा बिचकला की पुढचं सगळं जपून सांगतो. गप्प झाला तर मनात दहा आकडे मोजा, बहुतेकदा सगळ्यात महत्त्वाचं वाक्य त्यानंतर येतं.

आजी-आजोबांना एकत्र बसवणं ही नेहमीची चूक. आजोबा बोलतात, आजी मान डोलावते. तिचं माहेर, तिची बाळंतपणं, सासूशी झालेली भांडणं तिला एकटीलाच विचारा. जात्यावरच्या ओव्या ‘म्हणून दाखव’ म्हटलं तर आठवत नाहीत, चाल लागली की एकीमागून एक येतात. त्या गाऊ द्या, शब्द नंतर लिहा.

त्याच दिवशी फाइलला तारीख आणि नाव द्या, दर पाच मिनिटांना काय विषय आहे याची एक ओळ लिहा. तासाभराचं बोलणं शब्दशः उतरवायला पाच-सहा तास सहज जातात. मालवणी मालवणीच ठेवा, आगरी आगरीच. प्रमाण मराठीत ‘सुधारलं’ तर आजीचा आवाज कागदावरून जातो. तीन प्रती करा, त्यातली एक दुसऱ्या घरी ठेवा. व्हॉट्सॲपवर पाठवायचीच झाली तर डॉक्युमेंट म्हणून पाठवा.

शेवटी आजीला विचारा, यातलं काय कुणाला ऐकवायचं नाही. तिचं उत्तरही रेकॉर्ड करा आणि तो भाग वेगळ्या फाइलमध्ये काढून तिने सांगितलेल्या मुदतीपर्यंत बंद ठेवा.