अंतरालांचा संयोग संख्यारेषेवर कसा काढायचा

अंतराल म्हणजे दोन टोकांमधल्या सगळ्या वास्तव संख्या. चौकोनी कंस असेल तर ते टोक धरायचं, गोल असेल तर सोडायचं. उदाहरण म्हणून ही पाच अंतरालं घेऊ: [−३, १), (४, ६], [−१, २], (२, ३), [५, ९). यांचा संयोग काढायचा, म्हणजे यांपैकी निदान एका अंतरालात असलेल्या सगळ्या वास्तव संख्या गोळा करायच्या.

आधी डाव्या टोकानुसार चढता क्रम लावा: [−३, १), [−१, २], (२, ३), (४, ६], [५, ९). डावी टोकं सारखी निघाली, तर चौकोनी कंसाचं अंतराल आधी घ्या. संख्यारेषा आखा आणि प्रत्येक अंतरालाची रेघ तिच्या वर वेगवेगळ्या उंचीवर ओढा. सगळं एकाच रेषेवर गिरवलं की कुठलं टोक कुणाचं ते कळेनासं होतं, आणि बहुतेकांचं गणित तिथेच फसतं. चौकोनी कंसाला भरीव ठिपका, गोल कंसाला पोकळ वर्तुळ. वरून उजेड पडला तर या रेघांची खालच्या रेषेवर जी सावली पडेल, तोच संयोग.

आता डावीकडून जोडत जा. −१ हा १ च्या अलीकडे आहे, म्हणून पहिली दोन मिळून [−३, २]. पुढचं (२, ३) फक्त २ पाशी टेकतं. तिथे त्याचं वर्तुळ पोकळ आहे, पण आधीच्याचा ठिपका भरीव आहे, त्यामुळे खंड पडत नाही: [−३, ३). मग ४ पर्यंत रिकामी जागा, ती तशीच सोडा. शेवटची दोन एकमेकांवर चढतात: (४, ९). उत्तर: [−३, ३) ∪ (४, ९). ताळा करायला ३, ३.५ आणि ४ मूळ अंतरालांत शोधून पाहा. यांतली एकही संख्या कशातच नाही.

टेकणाऱ्या टोकांचा नियम एवढाच, की दोघांपैकी एक जरी भरीव असलं तरी ती संख्या संयोगात येते. दोन्ही पोकळ असतील तर नाही. म्हणून (०, २) ∪ (२, ५) हे (०, ५) होत नाही, २ गळतो. [१, २] ∪ [३, ४] चं [१, ४] करणारेही पुष्कळ. पूर्णांकांच्या सवयीने २ नंतर थेट ३ दिसतो, मधला २.५ दिसत नाही.

जोडताना तुलना नुकत्याच जोडलेल्या अंतरालाशी करू नका, आतापर्यंतच्या सर्वांत उजव्या टोकाशी करा. (१, १०), (२, ४), (६, ८) यांत ६ ची तुलना ४ शी केली तर नसलेली फट दिसते. १० शी केली तर उत्तर सरळ (१, १०).

∞ ही संख्या नाही, म्हणून तिच्या बाजूला कायम गोल कंस.

असमानता सोडवताना ‘किंवा’ आला की संयोग, ‘आणि’ आला की छेद, म्हणजे दोन्हींत असलेल्या संख्या. |क्ष − ३| > २ म्हणजे क्ष < १ किंवा क्ष > ५, अर्थात (−∞, १) ∪ (५, ∞). हे ‘१ > क्ष > ५’ असं एका दमात लिहू नका. त्यातून १ हा ५ पेक्षा मोठा ठरतो!

फलाचा प्रांत, म्हणजे क्ष च्या ज्या किमतींना फलाला अर्थ असतो त्या सगळ्या, काढताना संयोग आणि छेद दोन्ही लागतात. √(क्ष² − ४) ÷ (क्ष − ३) घ्या. वर्गमुळासाठी क्ष ≤ −२ किंवा क्ष ≥ २ हवं, आणि भाजक शून्य नको म्हणून क्ष ≠ ३. आधी दोन तुकड्यांचा संयोग काढा, मग त्यातून ३ वगळा. उजवा तुकडा तिथे दुभंगतो: (−∞, −२] ∪ [२, ३) ∪ (३, ∞).