स्वतः पुस्तक काढून लेखक म्हणून टिकायचं असेल तर

आधीच सांगून टाकते, माझं पहिलं पुस्तक आलं त्या महिन्यात १९ प्रती गेल्या आणि त्यातल्या ११ नातेवाईकांनी घेतल्या होत्या, किती जणांनी वाचल्या ते मी अजूनपर्यंत विचारलेलं नाही. आता सहा पुस्तकं झाली आणि गंमत म्हणजे तेच पहिलं पुस्तक आता तेव्हापेक्षा जास्त खपतं, कारण लोक चौथं वाचतात आणि मग मागे जाऊन आधीची शोधतात. म्हणून कोणी विचारलं की "एक पुस्तक काढायचंय, त्याच्यावर करिअर होईल का", तर मी सरळ नाही म्हणते. एका पुस्तकावर फार तर हौस भागते. तीन-चार पुस्तकांचा हिशोब मनात धरून सुरुवात करायची असेल तर पुढचं वाचा.

मुळात प्रकाशक जी कामं करतो ना, म्हणजे संपादन, प्रूफ, कव्हर, मांडणी, किंमत ठरवणं, वितरण, जाहिरात, हिशोब, ती आपण स्वतः पुस्तक काढतोय म्हणून गायब होत नाहीत, ती सगळी आपल्या गळ्यात पडतात. सगळी स्वतःच्या हाताने करायची गरज नाही, पण कोणतं काम कोणाकडून कधी करून घ्यायचं हे आपल्याला कळायला हवं.

सुरुवात एडिटिंगपासून, कारण इथेच सगळे पैसे वाचवायला बघतात. एडिटिंग म्हणजे एकच काम नाही. आधी गोष्टीची रचना बघणारं संपादन, म्हणजे कुठे कंटाळा येतो, कोणतं प्रकरण उडवलं तरी चालेल, शेवट घाईत उरकलाय का. मग भाषेचं, वाक्यावाक्याचं. आणि सगळ्यात शेवटी, पानं लावून झाल्यावर, प्रूफ, म्हणजे शुद्धलेखनाच्या आणि टायपिंगच्या चुका शोधणं. हा क्रम उलटा केला की पैसे वाया, कारण प्रूफ तपासून घेतलेलं प्रकरण नंतर रचनेत उडालं तर तुम्ही उडालेल्या प्रकरणाच्या वेलांट्यांसाठी पैसे मोजलेत. माझ्या दुसऱ्या कादंबरीत नायिकेची मावशी तिसऱ्या प्रकरणात वारली होती आणि अकराव्या प्रकरणात तिचा फोन आला. मी ती फाईल सात वेळा वाचली होती, नवऱ्याने वाचली होती, मैत्रिणीने वाचली होती, कोणाला काही दिसलं नाही, एडिटरने पहिल्याच वाचनात समासात नुसतं "??" लिहून पाठवलं.

एडिटरकडे द्यायच्या आधी फाईल महिनाभर बाजूला ठेवा आणि मग मोबाईलला मोठ्याने वाचायला लावा, अडखळणारी वाक्यं कानाला लगेच टोचतात. चार-पाच जणांना आधी वाचायला द्या, पण "कसं वाटलं" असं विचारू नका, सगळे छान म्हणतात. विचारा की वाचता वाचता पुस्तक खाली कुठे ठेवलंत, पान नंबर सांगा. तिघांनी एकच पान सांगितलं तर दोष तुमच्या पानात आहे, वाचकात नाही. शिवाय एक साधी यादी करून ठेवा, पात्रांची नावं, वयं, कोणता शब्द कसा लिहायचा, आकडे अक्षरात की अंकात. या यादीने एडिटरचा वेळ वाचतो म्हणजे तुमचे पैसे वाचतात. बजेट अगदीच कमी असेल तर निदान प्रूफ तरी दुसऱ्याकडून करून घ्या.

कव्हर. वाचक ते आधी मोबाईलवर अंगठ्याच्या नखाएवढं बघतो, तेव्हा त्याच आकारात बघून पास-नापास ठरवायचं. डिझायनरला "काहीतरी वेगळं करा" असं सांगू नका, त्यातून भयंकर गोष्टी जन्माला येतात (माझ्याकडे एक आहे, दाखवणार नाही). तुमच्या प्रकारातली चांगली चाललेली पाच-सहा कव्हरं दाखवा आणि म्हणा की या रांगेत शोभलं पाहिजे. रहस्यकथा रहस्यकथेसारखीच दिसली पाहिजे. आणि वापरलेले फोटो, फॉन्ट यांचे व्यावसायिक वापराचे हक्क आहेत ना ते लेखी घ्या.

ई-बुकचं कव्हर म्हणजे नुसतं समोरचं चित्र, ॲमेझॉनच्या केडीपीवर (किंडल डायरेक्ट पब्लिशिंग, लेखकाला स्वतः पुस्तक काढायची त्यांची सोय) १६०० बाय २५६० पिक्सेल असं माप सुचवतात. छापील पुस्तकाचं मात्र मागचं, कणा (कपाटात उभं ठेवलं की दिसते ती कड) आणि पुढचं मिळून एकच पीडीएफ लागतं, कडेला कापण्यासाठी ०.१२५ इंच जास्त सोडून. यात मी तोंडघशी पडले होते. २४० पानं धरून कव्हर करून घेतलं, मग प्रूफ कॉपी, म्हणजे तपासायला छापून घेतलेली नमुना प्रत, हातात आल्यावर अक्षर बारीक वाटलं म्हणून एक पॉइंट वाढवला, पानं झाली २८०. केडीपीच्या क्रीम कागदाला दर पानामागे ०.००२५ इंच कणा धरतात, म्हणजे ०.६ चा झाला ०.७. दहावा भाग इंच म्हणजे किती असं वाटेल, पण कण्यावरचं नाव सरकून अर्धं पुढच्या कव्हरवर आलं आणि डिझायनरने दुसऱ्यांदा बिल पाठवलं, बरोबरच होतं त्याचं. तेव्हा आतली पानं फायनल झाल्याशिवाय छापील कव्हर फायनल करायचं नाही.

आतल्या मांडणीत शिवणीकडचा समास लोक विसरतात. केडीपीला १५० पानांपर्यंत तो निदान ०.३७५ इंच लागतो आणि १५१ ते ३०० पानांना ०.५, कारण पुस्तक जाड झालं की आतली अक्षरं शिवणीत जातात. स्क्रीनवर हे दिसत नाही हो, म्हणून प्रूफ कॉपी मागवायचीच, घाई कितीही असो. ई-बुकसाठी पीडीएफ ढकलून देऊ नका, ईपब (ई-बुकचा फाईल प्रकार) करा, प्रकरणांची शीर्षकं वर्डमध्ये हेडिंग स्टाईलनेच द्या म्हणजे अनुक्रमणिका आपोआप तयार होते, आणि रिकाम्या ओळींसाठी एंटर दाबत बसू नका. देवनागरीत लिहिणाऱ्यांनी युनिकोडमध्येच लिहा, जुन्या फॉन्टातली फाईल ई-बुकमध्ये कचरा होऊन दिसते. आणि तुमच्या भाषेतलं ई-बुक आणि छापील पुस्तक, दोन्ही तुम्ही निवडलेला प्लॅटफॉर्म (केडीपी किंवा दुसरा कोणताही) घेतो का, हे लिहायला बसायच्या आधी बघा.

आयएसबीएनबद्दल, म्हणजे पुस्तकाच्या ओळख नंबराबद्दल, थोडक्यात. २००७ पासून तो १३ अंकी आहे, आणि पेपरबॅक, हार्डकव्हर, ई-बुक, प्रत्येकाला वेगळा लागतो. केडीपीवर नुसतं ई-बुक टाकायचं तर नसला तरी चालतो. प्लॅटफॉर्म छापील पुस्तकाला फुकट नंबर देतात, पण तो नंबर घेऊन दुसरीकडे जाता येत नाही, त्यामुळे लांबचा विचार असेल तर स्वतःच्या नावावर घ्या.

आता पैसे. केडीपीवर ई-बुकची किंमत २.९९ ते ९.९९ डॉलरमध्ये असेल तर ठरलेल्या देशांतल्या विक्रीवर ७० टक्के मिळतात, त्याच्या बाहेर गेलात की ३५. काही देशांत तर ७० हवे असतील तर त्यांच्या सिलेक्ट योजनेत (तिच्याबद्दल पुढे सांगते) असावं लागतं. म्हणजे ४.९९ ला विकलं तर साधारण साडेतीन डॉलर हातात, त्यातून फाईलच्या आकाराप्रमाणे डिलिव्हरीचे थोडे कापतात (म्हणून आतले फोटो लहान करून टाका). आणि "स्वस्त ठेवलं की जास्त खपेल" म्हणून १.९९ ला विकलं तर हातात जेमतेम ७० सेंट. म्हणजे पाच प्रती विकाव्या तेव्हा कुठे त्या एका प्रतीएवढे पैसे, आणि पाच वाचक मिळवणं काय असतं ते मी वर सांगितलंच. स्वस्त किंमत पुढे मालिकेच्या पहिल्या भागाला ठेवा, तिथे तिचा उपयोग आहे.

सिलेक्टमध्ये गेलात की ई-बुक ९० दिवस दुसरीकडे कुठेच विकता येत नाही, अगदी स्वतःच्या वेबसाईटवरही नाही. बदल्यात किंडल अनलिमिटेडवाले, म्हणजे वर्गणी भरून ई-बुकं वाचणारे, वाचक मिळतात आणि तिथे वाचलेल्या पानांवर पैसे येतात. हे बंधन फक्त ई-बुकला आहे, छापील पुस्तकाला नाही. माझं मत, पहिल्या पुस्तकाला एक टर्म करून बघा, पण ते आपोआप पुन्हा सुरू होतं तेवढा टिक काढून ठेवा. नंतर कोबो, ॲपल बुक्स, गूगल प्ले अशा दुसऱ्या ई-बुक दुकानांत जायचं तर एकेक अकाउंट उघडा किंवा ड्राफ्टटूडिजिटलसारख्याकडून सगळीकडे पाठवा. पुस्तकाच्या दुकानांपर्यंत आणि लायब्ररीपर्यंत जायचं असेल तर इनग्रामस्पार्क ही छपाई-वितरणाची सेवा बघा. मागणी आली की एक प्रत छापायची सोय असताना पाचशे प्रती छापून पलंगाखाली ठेवायच्या भानगडीत पडू नका.

आणि आता ज्याच्यासाठी खरं तर लिहायला बसले ते. पहिलं हस्तलिखित तयार झालं तेव्हा मला एका कंपनीचा फोन आला, आम्ही तुमचं पुस्तक निवडलंय म्हणाले, मी इतकी खूश की आईला आधी कळवलं आणि काँट्रॅक्ट नंतर वाचलं. पॅकेजचे पैसे मी द्यायचे, हक्क काही वर्षं त्यांच्याकडे, फाईली त्यांच्याकडे, आणि माझ्याच पुस्तकाच्या प्रती मी त्यांच्याकडून विकत घ्यायच्या. सही केली नाही ते नशीब. ओळखायचं कसं? एडिटरला, डिझायनरला कामाचे पैसे देणं योग्यच, ते काम करतात आणि फाईल तुमच्या हातात देतात. पण जो स्वतःला प्रकाशक म्हणवतो त्याच्याकडून पैसा लेखकाकडे यायला हवा, लेखकाकडून त्याच्याकडे नाही. हक्क हीच तुमची इस्टेट आहे आणि तिचे तुकडे करता येतात, छापील, ई-बुक, ऑडिओ, भाषांतर असे वेगवेगळे. अमेरिकन लेखक ह्यू हॉवीने २०१२ मध्ये आपल्या कादंबरीचे फक्त छापील हक्क सायमन अँड शुस्टर या प्रकाशकाला दिले आणि ई-बुकचे स्वतःकडे ठेवले, कारण ई-बुक त्याचं आधीच जोरात चाललं होतं. आपण ह्यू हॉवी नाही हे मान्य, पण कोणी "सगळे हक्क" लिहिलेला कागद पुढे सरकवला तर कोणते आणि किती वर्षं एवढं तरी विचारायचं.

मार्केटिंगमध्ये पहिलं काम पुस्तकाच्या वर्णनाचं. माझं आधीचं असं होतं, "मानवी नात्यांचा आणि काळाचा हळुवार वेध घेणारी कादंबरी." आता बघा, "वडिलांच्या तेराव्याला घरात एक अनोळखी बाई येते आणि म्हणते, हे घर माझ्या नावावर आहे." पुस्तक तेच. वर्णनात निवाडा देऊ नका, काय घडतं ते सांगा आणि ऐन वेळी थांबा. केडीपीवर कीवर्डचे (शोधायच्या शब्दांचे) सात रकाने आणि तीन कॅटेगरी मिळतात, त्यात "कादंबरी", "बेस्ट बुक" असलं भरू नका, वाचक काय टाईप करून शोधेल ते भरा.

सोशल मीडियावर दिवस घालवण्यापेक्षा ईमेल यादी करा, कारण फॉलोअर त्या कंपनीचे असतात, यादी तुमची असते. पुस्तकाच्या शेवटच्या पानावर, वाचक अजून गोष्टीत असतानाच, दोन ओळी टाका की पुढचं पुस्तक आलं की कळवते, इथे ईमेल द्या. माझी यादी पहिल्या वर्षी ४० जणांची होती, पण ते ४० जण खरंच वाचणारे होते. पुस्तक यायच्या आधी त्यांना फुकट प्रत द्या आणि प्रामाणिक रिव्ह्यू मागा. पैसे देऊन रिव्ह्यू घेऊ नका, आणि घरच्यांनाही लिहायला लावू नका, ॲमेझॉनच्या नियमात दोन्ही बसत नाही. जाहिरातींवर खर्च तिसऱ्या पुस्तकानंतर, कारण एक वाचक आणायला जे जातं ते एका पुस्तकातून क्वचितच वसूल होतं, त्याने पुढची दोन घेतली तर होतं.

केडीपीचे पैसे विक्रीचा महिना संपल्यावर साधारण ६० दिवसांनी येतात, तेव्हा कोणत्या महिन्याचे कोणते ते शीटमध्ये लिहीत जा आणि त्यातला टॅक्सचा भाग वेगळा काढून ठेवा. नोकरी सोडायची घाई नको, मी पाचव्या पुस्तकानंतर सोडली आणि तीही आधी अर्धवेळ करून. रोज सकाळी पहिला तास पुढच्या पुस्तकाचा, आकडे बघायचे फक्त रविवारी, नाहीतर दिवसातून बारा वेळा डॅशबोर्ड रिफ्रेश करण्यात वर्ष जातं (अनुभव आहे).

आणि पुस्तक निघाल्यावरही कोणीतरी लिहील की पान १३२ वर "पाणी" च्या जागी "पानी" झालंय. चिडू नका, आभार माना, त्याच दिवशी फाईल दुरुस्त करून परत चढवा, आणि त्या माणसाचं नाव आधी प्रत पाठवायच्या यादीत टाका. माझ्या यादीतली सगळ्यात जुनी चार माणसं अशीच आलेली आहेत.