विद्यापीठाच्या, गावाच्या आठवणी रेकॉर्ड करताय? या चुका टाळा

सप्टेंबर जवळ आला की फोन सुरू होतात. "सर, मराठवाडा मुक्तिसंग्रामावर प्रोजेक्ट आहे, कुणीतरी म्हातारं माणूस सांगा ना. परवापर्यंत हवंय." निजामाची राजवट संपली त्या १७ सप्टेंबर १९४८ ला जे दहा वर्षांचे होते, ते आज पंच्याऐंशी ओलांडून गेलेत. त्यांना ऐकू कमी येतं, दुपारी डुलकी लागते, आणि यांना परवापर्यंत हवंय. घाई असेल तर ग्रंथालयात बसून जुनी वर्तमानपत्रं चाळा, माणसांच्या वाटेला जाऊ नका.

उत्तर खिशात घेऊन प्रश्न विचारणं

ही चूक मला सगळ्यात जास्त छळते. एका वसतिगृहाच्या मेसमध्ये उभी हयात काढलेले एक मामा होते. एम.ए.ची दोन पोरं त्यांच्या मुलाखतीला निघाली, मी नुसता सोबत. विषय नामांतराचा, म्हणजे मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचं नाव देण्यावरून पेटलेल्या वादाचा आणि दंगलींचा.

"मामा, नामांतराच्या वेळी वातावरण फार तंग होतं ना?"

"व्हतं की."

"पोरं घाबरली असतील?"

"घाबरनारच की."

"तुम्हाला कसं वाटलं तेव्हा?"

"कसं वाटनार? वाईट वाटलं."

अर्ध्या तासात प्रश्नावली संपली. आभार मानून झाले, रेकॉर्डर पिशवीत गेला, चहा आला. मी सहज विचारलं, "मामा, तेव्हा रोज कणीक किती लागायची हो?" आणि मामा सुटले. पोरगं गावाला जाणार असलं की आदल्या रात्री वहीत खाडा मांडायचं, म्हणजे त्या दिवसाचे पैसे धरायचे नाहीत. त्या दिवसांत पोरं खाडा न मांडताच निघून गेली. कणीक मळून ठेवलेली, वरणाचं पातेलं भरलेलं, आणि पंगतीला चार डोकी. महिनाअखेरीला वाद पेटला तो वेगळाच: न मांडलेल्या खाड्याचे पैसे लावायचे का? कोण कुठल्या गावचा, कोणाला घरी जायचीच भीती होती म्हणून तो खोलीतच थांबला, कोणाचं ताट कोण वर नेऊन द्यायचं, हे सगळं मामांना त्या वहीच्या धाग्यानं आठवत होतं. मी डोळ्यांनी खुणावतोय आणि आमचा मुलाखतकार बिस्किट बुडवतोय.

पुढच्या आठवड्यात पोरं पुन्हा गेली. मामांनी दोन वाक्यांत गुंडाळलं. "ते सांगितलं की मागं." पहिल्यांदा सांगण्यात जी चव असते ती दुसऱ्यांदा येत नाही.

म्हणून मी 'कसं वाटलं' विचारतच नाही. काम विचारतो. पगार कोण वाटायचं, किल्ल्या कोणाकडे असायच्या, फी कुठल्या खिडकीवर भरायची. उत्तर संपलं असं वाटलं तरी मनात दहा आकडे मोजतो. शिकाऊ मुलाखतकारांना शांतता सोसवत नाही, ते लगेच पुढचा प्रश्न टाकतात आणि येऊ घातलेली गोष्ट मारतात. आणि चप्पल पायात घालेपर्यंत रेकॉर्डर बंद करत नाही. चालू असल्याचं सांगतो मात्र.

साल लिहून मोकळं होणं

"नामांतराच्या वेळी" म्हणजे कधी? विधिमंडळाचा ठराव २७ जुलै १९७८ चा, लाँग मार्च १९७९ चा, आणि जुन्या नावाला आंबेडकरांचं नाव जोडून प्रत्यक्ष नामविस्तार झाला १४ जानेवारी १९९४ ला. सांगणाऱ्याच्या मनात ही सोळा वर्षं एकमेकांत मिसळलेली असतात. थेट साल विचारलं तर तो तुम्हाला खूश करायला काहीतरी ठोकून देतो. त्यापेक्षा खुणेनं विचारा. मामांना विचारलं, "किल्लारीच्या आधी की नंतर?" "किल्लारी? किल्लारी लई मागून." भूकंप ३० सप्टेंबर १९९३ चा, नामविस्तार त्यानंतर साडेतीन महिन्यांनी. म्हणजे मामांची वही अठ्ठ्याहत्तरच्या आसपासची, हा प्रश्न मिटला. बहात्तरचा दुष्काळ आणि चौऱ्याहत्तरचं मराठवाडा विकास आंदोलन याच कामी येतं. लग्न कधी झालं, थोरला कधी जन्मला, हेही.

निजामाच्या काळातल्या शाळेत शिकलेली मंडळी फसली साल सांगतात, म्हणजे तेव्हाच्या सरकारी कारभारातलं साल. "तेराशे सत्तावन" ऐकून एका बहाद्दरानं मुलाखतीच्या लेखी उताऱ्यात 'चुकीचे साल' असा शेरा मारला होता! अहो, ५९० मिळवा. हे साल ऑक्टोबरात सुरू व्हायचं, त्यामुळे जानेवारीपासून पुढचा महिना असेल तर ५९१. १३५७ मध्ये ५९१ मिळवले की १९४८ येतं, निजामाविरुद्धच्या लष्करी कारवाईचं, म्हणजे पोलीस ॲक्शनचं साल. जुन्या टीसीवर पडताळून बघा. आणि सांगणारा खरोखर चुकला तरी त्याला मध्येच तोडू नका. तुमच्या टिपेत बरोबर साल लिहा, त्याचं वाक्य तसंच ठेवा.

बाकीच्या, पटापट

मे महिन्यात कुलर चालू ठेवून मुलाखत घेणं. कुलरची घरघर नंतर कुठलंही सॉफ्टवेअर धड काढत नाही. सकाळी सातला जा.

रेकॉर्डिंग व्हॉट्सॲपवर पाठवून फोनमधलं पुसणं. आवाज दाबला जाऊ शकतो. वेव्ह फाईल ठेवा, ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, मोनो. तासाला अर्धा जीबी लागतो, लागू द्या. तीन प्रती, त्यातली एक दुसऱ्या घरात.

फक्त माजी कुलगुरू आणि प्राचार्य गाठणं. २३ ऑगस्ट १९५८ ला विद्यापीठ सुरू झालं हे कुठल्याही स्मरणिकेत सापडतं. परीक्षा विभागात गठ्ठे कोण बांधायचं, ते शिपाईच सांगेल.

"जरा शुद्ध बोला" म्हणणं. हे म्हणणाऱ्याला मी पुन्हा नेत नाही. कुणी दखनीत, म्हणजे इकडच्या उर्दूत, बोललं तर दखनीतच उतरवा. औरंगाबाद म्हणालं तर औरंगाबाद, संभाजीनगर म्हणालं तर संभाजीनगर.

ॲपवर उतरवून घेतो, असं म्हणणं. घ्या, पण कानानं पुन्हा तपासा. ॲपनं खाड्याचा सगळीकडे 'खड्डा' केला होता.

सही घेतली म्हणजे परवानगी मिळाली, असं समजणं

अठ्ठेचाळीस असो की अठ्ठ्याहत्तर, इथल्या आठवणींत घरं जळलेली आहेत आणि जाळणाऱ्यांची नावंही आहेत. त्यांची नातवंडं आज त्याच गल्लीत, कधी शेजारच्याच घरात राहतात. म्हातारं माणूस बोलण्याच्या भरात नाव घेऊन जातं, आणि आपला उत्साही विद्यार्थी संध्याकाळी त्याची रील टाकतो. मी सही शेवटी घेतो, आधी नाही. आपण काय बोललो हे तोवर त्यांना कळलेलं असतं. मग आठवड्यानं उतारा वाचून दाखवतो, घरातलं कुणी जवळ असेल तर त्यांच्यासमोरच. "हे एवढं माझ्या मागारी" असं म्हणाले तर तो भाग वेगळ्या फाईलमध्ये जातो, वर तारीख आणि अट लिहून. पुसत मात्र नाही. काहींना पहिली फेरी झाल्यावर सगळंच नको वाटतं. तेव्हा फाईल त्यांच्या हाती द्यायची आणि आपल्याकडच्या प्रती काढून टाकायच्या. प्रोजेक्टची तारीख काय आहे, हा त्यांचा प्रश्न नाही.